अपील काढून घेणे म्हणजे तडजोड नोंदवणे नव्हे : वकील संघांना खुले पत्र

प्रति,
महाराष्ट्रातील जिल्हा व तालुका वकील संघांचे पदाधिकारी आणि सर्व सदस्य

विषय : दिवाणी अपील प्रलंबित असताना पक्षकारांत झालेली तडजोड न्यायालयात नोंदवण्याबाबत

सन्माननीय वकील बंधु-भगिनींनो,

हे पत्र कोणा एकाला दोष देण्यासाठी लिहीत नाही. ज्या चुकीबद्दल लिहायचे आहे ती मी स्वतः वकिलीच्या पहिल्या काही वर्षांत केलेली आहे, आणि त्या वेळी ती चूक आहे हे ना मला जाणवले, ना समोरच्या वकिलांना. खालच्या न्यायालयाचा हुकूमनामा, म्हणजे दाव्याचा औपचारिक निकाल, झालेला असतो, हरलेला पक्षकार जिल्हा न्यायालयात अपील करतो, स्थगिती मिळते, तारखा पडत राहतात, आणि मग एखाद्या लग्नकार्यात किंवा दशक्रियेला भावकी एकत्र येते, कोणी वडीलधारा मध्ये पडतो आणि वाद मिटतो. पक्षकार आपल्याकडे येऊन ‘साहेब, आमचं आपसात मिटलं, आता केस काढून घ्या’ असे सांगतो. आपण पुरशिस, म्हणजे न्यायालयाला द्यायचे लेखी निवेदन, लिहितो : ‘उभय पक्षांत आपसात तडजोड झाल्याने अपिलार्थीस सदर अपील पुढे चालविणे नाही, सबब अपील निकाली काढावे.’ त्यावर आदेश होतो, रोजनाम्यात नोंद होते आणि फाईल बंद होते. तडजोडीच्या अटी मात्र शंभर रुपयांच्या स्टॅम्पवर नोटरीसमोर लिहिलेल्या असतात आणि तो कागद पक्षकाराच्या घरातल्या ट्रंकेत जातो.

गेल्या वर्षी असाच एक कागद घेऊन सत्तरीतले एक शेतकरी माझ्याकडे आले. त्यांच्या हातात बेलिफाने बजावलेली दरखास्तीची, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाची, नोटीस होती आणि प्लॅस्टिकच्या पिशवीत, घडीवर फाटलेला, 2015 सालचा तो स्टॅम्प होता. हकिकत साधी होती. शेजारच्या गटातल्या खातेदाराने बांधालगतच्या सहा गुंठ्यांच्या ताब्यासाठी दावा लावला होता, मोजणीच्या नकाशाच्या आधारे 2013 मध्ये तो मंजूर झाला आणि यांनी अपील केले. वहिवाट पिढ्यान्‌पिढ्या आपलीच आहे, हे त्यांचे म्हणणे पहिल्यापासून होते. अपील चालू असताना दोघांच्या सोयऱ्यांनी मिटवले : यांनी तीन लाख रुपये द्यायचे आणि शेजाऱ्याने सहा गुंठ्यांवरचा हक्क सोडायचा. पैसे दिले गेले, अपील काढून घेतले गेले आणि दोन्ही घरे पुन्हा एकमेकांच्या दारी जेवायला बसू लागली. 2021 मध्ये शेजारी वारला. त्याच्या मुलांना वडिलांच्या कागदांत हुकूमनाम्याची सहीशिक्क्याची नक्कल सापडली, तडजोडीचा कागद सापडला नाही, आणि 2023 मध्ये त्यांनी दरखास्त दाखल केली.

मुले लबाड आहेत असे मी म्हणणार नाही. त्यांच्या हातात न्यायालयाचा जिवंत हुकूमनामा होता आणि माझ्या पक्षकाराच्या हातात नोटरीचा कागद.

आता या दोन कागदांचे कायद्यात काय होते ते पाहू. अपील काढून घेतल्याने खालचा हुकूमनामा रद्द होत नाही, बदलत नाही, थिजतही नाही. उलट अपिलात मिळालेली स्थगिती त्याच दिवशी संपते आणि हुकूमनामा अंमलबजावणीस मोकळा होतो. मुदत अधिनियम, 1963 च्या अनुच्छेद 136 प्रमाणे अंमलबजावणीला बारा वर्षे मिळतात, आणि कायमच्या मनाई हुकुमाला तर मुदतच नाही. न्यायालयाबाहेर पैसे दिले गेले किंवा हुकूमनाम्याची अन्य प्रकारे फेड झाली, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21 नियम 2 खाली ती न्यायालयात नोंदवून घ्यावी लागते. हुकूमनामाधारक नोंदवत नसेल तर ऋणकोने, म्हणजे ज्याच्याविरुद्ध हुकूमनामा आहे त्याने, अर्ज करायचा, आणि त्या अर्जाची मुदत अनुच्छेद 125 प्रमाणे अवघी तीस दिवस. जी फेड अशी नोंदवलेली नाही तिची दखल अंमलबजावणी करणाऱ्या न्यायालयाने घेऊ नये, असे त्याच नियमाचा पोटनियम 3 स्पष्ट शब्दांत सांगतो. म्हणजे तीन लाख खरोखर दिले, कागदावरच्या सह्या खऱ्या, साक्षीदार हयात, आणि तरीही दरखास्तीत त्या कागदाकडे पाहायचे नाही अशी अवस्था. करार बजावून घेण्यासाठी वेगळा दावा लावावा तर तीन वर्षांची मुदत केव्हाच उलटून गेलेली. शिवाय सहा गुंठे जमिनीवरचा हक्क नोंदणी नसलेल्या कागदाने सुटत नाही, ती अडचण निराळीच.

हाच करार त्या वेळी अपिलातच निशाणी (कागदाचा नोंदक्रमांक) पडून हुकूमनाम्यात उतरला असता तर यातले काहीही घडले नसते. तडजोडीबाबतचा आदेश 23 नियम 3 आपल्या सर्वांना पाठ आहे, पण तो दाव्यासाठी आहे अशी एक समजूत नकळत मनात बसलेली दिसते. कलम 107 पोटकलम 2 प्रमाणे अपील न्यायालयाला मूळ न्यायालयाचे सर्व अधिकार आहेत, त्यामुळे लेखी आणि पक्षकारांच्या सह्यांची कायदेशीर तडजोड अपिलात दाखल झाली की ती नोंदवून तिच्याप्रमाणे हुकूमनामा करणे हे अपील न्यायालयाचे कर्तव्य ठरते. असा हुकूमनामा झाला की खालचा हुकूमनामा त्यात विलीन होतो आणि पुढे अंमलात येतो तो फक्त वरचा. 1976 च्या दुरुस्तीनंतर तर तडजोडीचा विषय दाव्याच्या विषयाशी तंतोतंत जुळला पाहिजे अशीही अट राहिलेली नाही. त्याच पक्षकारांमधला विहिरीच्या पाळीचा किंवा बैलगाडीच्या वाटेचा जोडवाद त्यातच मिटवता येतो.

याच आदेशाच्या शेवटी मात्र एक गोम आहे. आदेश 23 मधले काहीही हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या कारवाईला लागू नाही, असे नियम 4 म्हणतो. त्यामुळे जिल्हा न्यायालयात अपील आणि तालुक्याला दरखास्त अशी दोन्ही एकाच वेळी चालू असतील, तर तडजोड कुठे दाखल करायची हा प्रश्न कारकुनी नाही. ती दरखास्तीत दिली तर आदेश 21 नियम 2 ची फेड होते, अपिलात दिली तर नवा हुकूमनामा होतो. माझ्या मते, अपील जिवंत असेपर्यंत तडजोड अपिलातच द्यावी आणि तिची नक्कल दरखास्तीत दाखल करून ती निकाली काढून घ्यावी. उलट क्रमाने गेल्यास दरखास्त संपते पण अपील लोंबकळत राहते, आणि पुढे गैरहजेरीत ते काढून टाकले गेले तर खालचाच हुकूमनामा अंतिम होऊन बसतो.

लेखी आणि सहीची अट कोरडी औपचारिकता आहे असे ज्यांना वाटते त्यांनी गुरप्रीत सिंग विरुद्ध चतुरभुज गोयल हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल पुन्हा वाचावा. ते प्रकरणही अपिलातलेच होते. पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयात लेटर्स पेटंट अपिलाच्या (त्याच न्यायालयातील एकल न्यायमूर्तींच्या निकालावरील अपिलाच्या) सुनावणीत दोन्ही बाजूंची तडजोडीबाबतची निवेदने न्यायमूर्तींनी नोंदवून घेतली, नंतर एक बाजू फिरली, आणि लेखी व सही केलेला करारच नसल्याने ती तडजोड नियम 3 खाली नोंदवता येणार नाही, अपील गुणदोषांवर चालले पाहिजे, असे ठरले. न्यायमूर्तींच्या समोर बोललेला शब्द जिथे टिकला नाही, तिथे चावडीवरचा किंवा बाररूममधला कसा टिकणार?

सही कोणाची, हाही प्रश्न आहे. मुंबईहून गेलेल्या बायराम पेस्तनजी गारीवाला विरुद्ध युनियन बँक ऑफ इंडिया या प्रकरणात, 1991 मध्ये, पक्षकारातर्फे वकिलाने केलेली सही चालते असे सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले. वकिलीच्या जुन्या परंपरेचा त्यात आदर होता आणि आपल्याला तो सुखावतोही. पण 2015 मध्ये हिमालयन को-ऑपरेटिव्ह ग्रुप हाऊसिंग सोसायटीच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने बजावले की पक्षकाराच्या स्पष्ट सूचनेशिवाय वकिलाने त्याचे हक्क सोडू नयेत. तेव्हा वकीलपत्रातल्या छापील मजकुरावर विसंबू नये. पक्षकार गावी असो वा दुबईला, सही त्याचीच घ्यावी, आणि मुखत्यार सही करणार असेल तर कुलमुखत्यारपत्रात तडजोडीचा अधिकार शब्दाने दिलेला आहे का ते पाहावे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने दुसऱ्या अपिलात पक्षकाराला मुंबईपर्यंत नेण्याची सबबही आता तिकडे उरलेली नाही.

यापुढचा भाग मला सर्वांत जड वाटतो, तो म्हणजे वाटपाच्या दाव्यातली अपिले. सरस-निरस वाटपाच्या दाव्यात सगळे हिस्सेदार पक्षकार असतात, कोणाचा हिस्सा किती हे ठरवणारा प्राथमिक हुकूमनामा होतो, आणि अपिलात दोघे-तिघे भाऊ तडजोड करतात. उत्तरवादी क्रमांक चार आणि पाच या बहिणी असतात; त्यांनी कैफियत (लेखी म्हणणे) दिलेली नसते, अपिलात त्या हजर झालेल्या नसतात, आणि तडजोडीच्या मसुद्यात ‘बहिणींनी आपला हिस्सा यापूर्वीच सोडला आहे’ असे एक वाक्य येते. हक्कसोडपत्र विचारले तर ‘तोंडी’ असे उत्तर मिळते. महाराष्ट्रात मुलींना सहदायाद हक्क, म्हणजे एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत मुलासारखाच हक्क, 22 जून 1994 पासून राज्याच्या दुरुस्तीने मिळाला, देशभर 9 सप्टेंबर 2005 पासून, आणि 11 ऑगस्ट 2020 च्या विनीता शर्मा निकालाने तो जन्मसिद्ध आहे व त्यासाठी वडील 2005 मध्ये हयात असण्याची गरज नाही हेही स्पष्ट झाले. प्रलंबित दाव्यांत आणि अपिलांत, प्राथमिक हुकूमनामा झालेला असला तरी, मुलींचे हिस्से धरावे लागतात हे त्या निकालातच आहे. नियम 3 खालचा हुकूमनामा तडजोड करणाऱ्यांपुरताच बांधतो. जिने सही केली नाही तिचा हिस्सा कमी करण्याची ताकद त्यात नाही. मग असा हुकूमनामा घेऊन भाऊ जेव्हा कलम 54 खाली वाटपासाठी तहसील कचेरीत जातात, मोजणी होते, पोटहिस्से पडतात, आणि पाच वर्षांनी बहीण उभी राहते, तेव्हा सगळे पहिल्यापासून. आपण भावांचे वकील असलो तरी त्यांच्याच भल्यासाठी बहिणींना सहीला बोलावले पाहिजे. बहिणीने खरोखर राजीखुशीने सोडायचे ठरवले असेल, तर तिने न्यायाधीशांसमोर येऊन ते सांगायला काय हरकत आहे?

अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, पक्षकाराचे असेच. आदेश 32 नियम 7 प्रमाणे पालकाने न्यायालयाची स्पष्ट नोंदवलेली परवानगी घेतल्याशिवाय केलेली तडजोड अज्ञानाखेरीज इतर सर्वांविरुद्ध रद्द करण्याजोगी असते. परवानगीचा अर्ज, पालकाचे शपथपत्र आणि ही तडजोड अज्ञानाच्या हिताची असल्याचे वकिलाचे प्रमाणपत्र या तिन्ही गोष्टी मसुद्याबरोबरच तयार ठेवाव्यात. आणि अपील दहा-दहा वर्षे चालते, तेव्हा त्यात कोणीतरी वारलेले असतेच. मयत उत्तरवादीचे वारस नव्वद दिवसांत रेकॉर्डवर आणलेले नसतील, तर त्याच्यापुरते अपील आपोआप संपलेले असते. थोरल्या मुलाने वडिलांच्या नावापुढे सही केली म्हणून ते पुन्हा उभे राहत नाही. आधी अपील पुनरुज्जीवित करावे, वारस आणावेत आणि मगच तडजोड दाखल करावी. कंटाळवाणे आहे, पण दुसरा रस्ता नाही.

तडजोड ‘कायदेशीर’ असली पाहिजे या शब्दाकडे आपल्या राज्यात विशेष लक्ष द्यावे लागते. तुकडेबंदी कायद्याच्या प्रमाणभूत (किमान) क्षेत्राखाली तुकडे पाडणारी वाटणी, आदिवासी खातेदाराची जमीन जमीन महसूल संहितेच्या कलम 36 अ ची परवानगी न घेता बिगर आदिवासीकडे जाईल अशी अट, कूळकायद्याच्या कलम 43 खालच्या हस्तांतरणाच्या बंधनातली जमीन, हे सगळे तडजोडीच्या रूपात आले म्हणून वैध होत नाही. काही ठिकाणी खरेदीखत होत नाही म्हणून मुद्दाम दावा, मग अपील आणि मग तडजोड असा वळसा घेतला जातो, हे आपण सगळे जाणतो. त्याबद्दल इथे जास्त लिहीत नाही. नोंदणीचेही तसेच. नोंदणी अधिनियमाच्या कलम 17(2)(6) ची सवलत दाव्यातल्या मिळकतीपुरती आहे, दाव्याबाहेरचा गट तडजोडीत आणला तर दुय्यम निबंधकाकडे जावे लागेल. भूप सिंग विरुद्ध राम सिंग मेजर या 1995 च्या निकालाने आणखी एक कसोटी दिली आहे : तडजोडीने आधीचा हक्क मान्य होतो आहे की नवा हक्क प्रथमच निर्माण होतो आहे? म्हणून मसुद्यात पक्षकाराचा मूळ दावा काय होता आणि समोरच्याने तो कोणत्या आधारावर मान्य केला हे दोन ओळींत तरी लिहावे. फेरफाराच्या वेळी मंडळ अधिकारी नेमके तेच वाचतात.

पैशाच्या बाबतीत आपले मसुदे फार ढिले असतात. स्थगितीच्या अटीप्रमाणे अपिलार्थीने न्यायालयात रक्कम भरलेली असते आणि ती मुदत ठेवीत असते. ती कोणी काढायची, व्याज कोणाचे, दिलेली हमी केव्हा सुटणार, यातले काही लिहिलेले नसते आणि मग तडजोडीनंतर त्या रकमेसाठी स्वतंत्र अर्ज आणि हरकती सुरू होतात. अपिलाच्या काळात बेलिफाकरवी ताबा गेलेला असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 144 खाली तो परत मागता येईल की तोही मिटला, हेही लिहावे लागते. मी स्वतः एका प्रकरणात ‘सर्व रकमा मिळाल्या’ एवढे लिहून मोकळा झालो होतो आणि त्या तीन शब्दांवर पुढे दीड वर्ष युक्तिवाद चालला.

लोकअदालतीबद्दल लिहिले नाही तर हे पत्र अपुरे राहील. प्रलंबित अपिले तिथे ठेवणे चांगलेच आहे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, 1987 च्या कलम 21 प्रमाणे तिथला निवाडा दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामा मानला जातो, त्यावर अपील नाही, आणि कोर्ट फी परत मिळण्याची तरतूद आहे. पण शनिवारी दुपारी तीन वाजता, मंडपात पंखे फिरत असताना आणि निकाली प्रकरणांचा आकडा ध्वनिक्षेपकावर जाहीर होत असताना, ‘अपील मागे’ एवढ्या दोन शब्दांचा निवाडा लिहिला जातो हे मी पाहिले आहे. आकड्यात ते एक प्रकरण धरले जाते. खालच्या हुकूमनाम्याचे काय, हे त्या कागदावर कुठेही नसते. पॅनेलवरच्या वकिलांना माझी विनंती आहे की सह्या होण्यापूर्वी अटी दोन्ही पक्षकारांना मराठीत मोठ्याने वाचून दाखवाव्यात. कारण एकदा निवाडा झाला की त्याला आव्हान देण्यासाठी उच्च न्यायालयात रिट अर्जाशिवाय मार्ग नाही, आणि तोही अगदी मर्यादित कारणांसाठी.

नियम 3 खालच्या हुकूमनाम्याची कवाडेही जवळपास तेवढीच बंद आहेत. संमतीच्या हुकूमनाम्यावर कलम 96 पोटकलम 3 प्रमाणे अपील नाही, नियम 3-अ प्रमाणे तो रद्द करून घेण्यासाठी वेगळा दावा नाही. तडजोड झालीच नव्हती किंवा फसवून झाली असे म्हणायचे असेल तर ज्या न्यायालयाने ती नोंदवली त्याच न्यायालयात अर्ज करावा लागतो. पुष्पा देवी भगत प्रकरणात 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे सगळे एकत्र मांडले आहे. कायदा तडजोडीला इतके पक्के करतो, याचाच अर्थ ती नोंदवताना आपण घाई करता कामा नये.

अपील नुसते काढून घेणे कधीच योग्य नाही, असे माझे म्हणणे नाही. अपिलार्थीने खालचा निकाल जसाच्या तसा मान्य केला असेल तर एका ओळीची पुरशिस पुरेशी आहे. पण अटींमध्ये गुंठ्याचा, रुपयाचा किंवा तारखेचाही फरक असेल, तर तो फरक अपील न्यायालयाच्या हुकूमनाम्यात दिसला पाहिजे.

वकील संघांकडून मला जे हवे आहे ते फार नाही. आपापल्या बाररूममध्ये अपिलातल्या तडजोडीचा एक मराठी नमुना लावावा आणि नव्या सदस्यांना तो समजावून द्यावा. प्रधान जिल्हा न्यायाधीशांना भेटून विनंती करावी की ‘आपसात मिटले’ असे कारण असलेली पुरशिस आली की अटींचा कागद दाखल आहे का आणि खालच्या हुकूमनाम्याचे काय ठरले, एवढे दोन प्रश्न पक्षकाराला विचारले जावेत. दोन्ही बाजूंच्या वकिलांनी ते स्वतःहून सांगितले तर न्यायाधीशांवर विचारण्याची वेळही येणार नाही.

ज्यांच्यापासून हे पत्र सुरू झाले त्या शेतकऱ्यांच्या दरखास्तीत मी हजर झालो आहे. बँकेतून तीन लाख काढल्याची नोंद असलेले पासबुक त्यांनी शोधून आणले आहे आणि शेजाऱ्याच्या धाकट्या मुलाशी बोलणे चालू आहे. हुकूमनामाधारकाने स्वतः फेड कबूल केली तरच त्या कागदाला जीव येईल. बोलणे यशस्वी झाले तर या वेळी सही न्यायालयासमोर होईल.

नमुन्यात खालील कलम असावे असे मी सुचवतो. ते अधिक नेमके करता आले तर जरूर करावे : ‘मूळ दाव्यात झालेला हुकूमनामा या तडजोडीप्रमाणे बदलण्यात आला असून यापुढे अंमलबजावणी केवळ या अपिलातील हुकूमनाम्याचीच होईल, मूळ हुकूमनाम्यावरून दाखल असलेली दरखास्त हुकूमनामाधारक तीस दिवसांच्या आत पूर्ण फेडीची नोंद करून निकाली काढून घेतील, आणि न्यायालयात जमा असलेली रक्कम व्याजासह अमुक पक्षकारास देण्यास कोणाचीही हरकत नाही.’

आपला स्नेहांकित,
जिल्हा न्यायालयात अपिले चालवणारा एक वकील